सेंट हेलेन्स, मौंट

अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांतील जागृत ज्वालामुखी. वॉशिंग्टन राज्यात, कॅस्केड पर्वतरांगेत. उंची २,५४९ मी.; १९८० पूर्वी २,९५० मी. महासागरी भूपट्ट खंडीय भूपट्टाखाली सरकत असल्याने ही ज्वालामुखींची रांग तयार झाली आहे. दख्खनचा बेसाल्टी लाव्हा पातळ, म्हणून दूरवर पसरला. येथला डॅसाइटी शिलारस मात्र दाट व वायूंनी भारलेला असल्याने तो तुंबतो आणि फुटतो.

उद्रेक, १९८० : क्रँडेल व मलिनो या भूवैज्ञानिकांनी जुने राखेचे थर अभ्यासून १९७८ मध्येच शतक संपण्याआधी उद्रेकाची शक्यता वर्तवली होती. या शास्त्रातील हे मोठेच यश होय. मार्च १९८० मध्ये भूकंप सुरू झाले, पाठोपाठ वाफेचे स्फोट. आत चढणाऱ्या शिलारसाने उत्तर उतार दिवसाला सु. दीड ते दोन मीटर बाहेर फुगू लागला. १८ मे रोजी सकाळी ८ वा. ३२ मि. ५.१ तीव्रतेच्या धक्क्याने तो फुगवटाच कोसळला. इतिहासात नोंदलेला हा सर्वांत मोठा भूपात. वरचा भार एकाएकी हटला आणि कोंडलेला वायू वर न जाता आडवा सुटला. ईशान्येकडील एका तळावरून योगायोगाने टिपली गेलेली छायाचित्रे क्रमाने लावली, की आधी उतार घसरतो, मग त्यामागून काळा लोट बाहेर पडतो, हे स्पष्ट दिसते. आडव्या स्फोटांचा अभ्यास यापुढे या छायाचित्रांना वगळून होऊ शकत नाही. सु. ६०० चौ. किमी.मधील जंगल आडवे झाले. उन्मळलेल्या खोडांची दिशाही स्फोटाचा मार्ग सांगते. राखेचा स्तंभ सु. २४ किमी. उंच गेला. चिखलाच्या लोंढ्यांनी टूटल नदीचे खोरे भरले व कोलंबिया नदीतील जहाजमार्ग उथळ झाला. ५७ माणसे दगावली. त्यांत निरीक्षण चौकीवरील ज्वालामुखीतज्ञ डेव्हिड जॉन्स्टन होते. त्यांच्या मोजमापांचे मोल या विषयाचे अभ्यासक कधीही विसरणार नाहीत.

विवर उत्तरेस उघडे, नालाकृती आहे. त्यात १९८०–८६ व २००४–०८ या काळांत लाव्हाचे घुमट वाढले. भोवती नवी हिमनदीही तयार झाली आहे. पर्वताच्या वयाविषयी जुने व नवे अंदाज बरेच भिन्न आहेत.

वनस्पती व प्राणी : ओसाड पमिस मैदानावर प्रथम ल्युपिन रुजले.

लोकजीवन : काउलित्झ आदिवासी पर्वतास पवित्र मानतात.

१९८२ पासून परिसर राष्ट्रीय ज्वालामुखी स्मारक म्हणून संरक्षित.