बैठकीचा प्रश्न : याकोबाचे पत्र, अध्याय 2, वचने 1 ते 9

वचन 1. ख्रिस्तावर विश्वास ठेवायचा आणि माणूस पाहून मान द्यायचा, हे याकोबाला मुळीच मान्य नाही. पक्षपाताची गणना तो शिष्टाचाराच्या चुकांत करत नाही. त्याच्या लेखी येथे श्रद्धेचाच कस लागतो.

वचने 2–3. सभेत दोघे येतात. एकाच्या बोटात सोन्याची अंगठी, दुसऱ्याच्या अंगावर मळके कपडे. पहिल्याला मानाची जागा मिळते. दुसऱ्याने उभे राहावे, नाहीतर पायांशी बसावे. गरिबाला कोणी हाकललेले नाही, आत घेऊन खाली बसवले आहे. भारतातल्या मंडळीचे दुखणे नेमके हेच. तरंगंबाडीच्या लुथरन मिशनात 18व्या शतकात अस्पृश्य मानलेल्या ख्रिस्तींची बैठक वेगळी असे. कलकत्त्याचे बिशप डॅनियल विल्सन यांनी 1833 साली मंडळीतला जातिभेद मोडण्याचा आदेश काढला, तेव्हा तमिळ प्रदेशातल्या वेल्लाळ जातीच्या ख्रिस्तींनी कडाडून विरोध केला. तिरुचिरापल्लीत कॅथलिक दफनभूमीतही जातीची भिंत उभी राहिली.

वचन 4. जागा वाटून देणारेच न्यायाधीश होऊन बसतात, आणि तेही खोट्या मनाचे.

वचन 5. देवाने निवडलेले दरिद्री येथे राज्याचे वारस ठरतात. वारस भीक मागत नाही, वाटा मागतो. म्हणून हे वचन दानधर्मापुरते वाचता येत नाही. ईश्वरविज्ञानाचे अभ्यासक अरविंद निर्मल यांनी 1981 साली बंगळूरच्या युनायटेड थिऑलॉजिकल कॉलेजातील व्याख्यानातून दलित ईश्वरविज्ञानाची दिशा दाखवली. दलितांचे ईश्वरविज्ञान दलितांनीच मांडावे, हा त्यांचा आग्रह या वारसाहक्काशी जुळतो.

वचने 6–7. श्रीमंत गरिबाला नाडतात, कचेरीत खेचतात. याकोब प्रार्थनासभेतून थेट न्यायव्यवस्थेकडे वळतो. भारतातही हा प्रश्न कायद्यापर्यंत पोहोचतो. अनुसूचित जातींविषयीच्या 1950च्या राष्ट्रपती आदेशात 1956 साली दलित शीख आणि 1990 साली दलित बौद्ध सामावले गेले. दलित ख्रिस्ती अजून बाहेरच आहेत. धर्म बदलला तरी गावाने जात विसरलेली नसते.

वचने 8–9. शेजाऱ्यावर प्रेम करण्याची आज्ञा लेवीयच्या 19व्या अध्यायातली. न्यायनिवाड्यात पक्षपात नको, हा नियमही त्याच अध्यायात, थोडा आधी येतो. याकोब दोन्ही एकत्र वाचतो आणि पक्षपाताला सरळ पाप म्हणतो.

सरकारपुढे न्याय मागण्याचे बळ दलित ख्रिस्तींना सहाव्या वचनातून मिळते. त्यांच्या वतीने बोलणाऱ्या धर्मपुढाऱ्यांनी मात्र तिसरे वचन आधी वाचावे आणि आपल्या आवारातल्या भिंती स्वतः पाडाव्यात.