बेलेगाएर : एका कल्पित सागराची कुळकथा

जे समुद्र कोणत्याही नकाशावर नाहीत, त्यांनाही इतिहास असतो. इंग्रज लेखक जे. आर. आर. टॉल्किन (१८९२-१९७३) यांनी आपल्या काल्पनिक मध्य-पृथ्वीच्या पश्चिमेला 'बेलेगाएर' नावाचा महासागर निर्माण केला. 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज' (१९५४-५५) या त्यांच्या कादंबरीत तो प्रत्यक्ष फारसा दिसत नाही. त्याची गाज मात्र शेवटपर्यंत ऐकू येत राहते. हा सागर आला कुठून, हे आपण विचारण्यासारखे आहे. कारण त्याचा एक झरा ख्रिस्तसभेच्या प्राचीन संन्यासपरंपरेतून निघालेला आहे.

पवित्र शास्त्रात समुद्राविषयी फारशी माया दिसत नाही. उत्पत्तीच्या प्रारंभी अथांग जलावर अंधार आहे, योनाला त्याच जलात फेकले जाते, आणि प्रकटीकरणाच्या एकविसाव्या अध्यायातील नव्या सृष्टीत तर समुद्र उरलेलाच नाही. इस्राएली लोक मुख्यतः शेतकरी आणि मेंढपाळ. समुद्र त्यांना अराजकाचे रूप वाटावा यात नवल नाही. या भयंकर जलाला देवाकडे जाणारी वाट मानण्याचे धाडस केले ते आयर्लंडच्या मठवासीयांनी. मिसरच्या संन्याशांना वाळवंट जवळच होते. हिरव्यागार आयर्लंडात वाळवंट आणायचे कुठून? त्यांनी समुद्रालाच वाळवंट मानले.

'अँग्लो-सॅक्सन बखरी'त इ. स. ८९१ या वर्षाखाली एक विलक्षण नोंद आहे. तीन आयरिश पुरुष वल्ही नसलेल्या होडीतून कॉर्नवॉलच्या किनाऱ्याला लागले व तेथून राजा आल्फ्रेडकडे गेले. होडी अडीच कातड्यांची, बरोबर सात दिवसांचा शिधा. देवाच्या प्रीतीसाठी परदेशी व्हावे, कुठे ते आपण ठरवू नये, एवढाच त्यांचा बेत. असले साहस आज कुणी करावे असे मी म्हणणार नाही. परंतु हे निव्वळ वेड नव्हते. इ. स. ८२५ च्या सुमारास लिहिणाऱ्या डिकुईल या आयरिश विद्वानाने उत्तरेच्या दूरस्थ बेटांवर राहून आलेल्या धर्मगुरूंची हकीकत नोंदवली आहे. ते बेट आइसलँड असावे असे अभ्यासक मानतात.

याच परंपरेतील सर्वांत लोकप्रिय नाव संत ब्रेंडन यांचे. सहाव्या शतकातील हे मठाधिपती क्लॉनफर्ट मठाचे संस्थापक होत. त्यांचा सण १६ मे रोजी येतो. त्यांच्या निधनानंतर काही शतकांनी लिहिलेल्या 'नाविगात्सियो' या लॅटिन ग्रंथाची शंभराहून अधिक हस्तलिखिते आज उपलब्ध आहेत. ब्रेंडन आपल्या बंधूंसह कातड्याच्या नौकेतून सात वर्षे भटकतात, दरवर्षी एका प्रचंड माशाच्या पाठीवर पास्काचा सण साजरा करतात, समुद्रातील स्फटिकाचा स्तंभ पाहतात (हा हिमनग असावा) आणि अखेर संतांच्या वचनदत्त भूमीला पोहोचतात. सारा प्रवास प्रार्थनाविधीच्या पंचांगाप्रमाणे चालतो, हे मला त्यातील चमत्कारांहून अधिक मोलाचे वाटते. नकाशाकारांनी मात्र ही कथा अक्षरशः घेतली. १४९२ सालच्या मार्टिन बेहाइम यांच्या पृथ्वीगोलावर संत ब्रेंडन यांचे बेट दाखवलेले आहे. १९७६-७७ मध्ये टिम सेव्हरिन यांनी तशीच चामड्याची नौका बांधून आयर्लंडहून न्यूफाउंडलंड गाठले. प्रवास शक्य होता, एवढे तरी त्यातून कळले.

टॉल्किन यांच्याकडे हा वारसा श्रद्धेच्या वाटेने आला. त्यांच्या मातोश्री मेबल यांनी १९०० साली कॅथोलिक पंथ स्वीकारला. नातलगांनी आर्थिक आधार काढून घेतला. १९०४ साली मधुमेहाने त्यांचे निधन झाले, तेव्हा बर्मिंगहॅमच्या ओरेटरीतील फादर फ्रान्सिस मॉर्गन दोन्ही पोरक्या मुलांचे पालक झाले. ऑगस्ट १९१४ मध्ये टॉल्किन याच ओरेटरीच्या एका धर्मगुरूंबरोबर कॉर्नवॉलच्या किनाऱ्यावर राहिले आणि तिथल्या लाटांनी भारावून गेले. पुढच्याच महिन्यात त्यांनी एअरेंडेल नावाच्या नाविकावर कविता लिहिली. हे नाव त्यांना ख्रिस्तावरील एका जुन्या इंग्रजी काव्यात सापडले होते, आणि त्या काव्यातील तो भाग आगमनकाळाच्या सात 'ओ' प्रतिवचनांपैकी उगवत्या तेजाला आळवणाऱ्या प्रतिवचनावर आधारलेला आहे. म्हणजे बेलेगाएरवरचा पहिला नाविक आपल्या नाताळपूर्व संध्याप्रार्थनेतून निघाला!

त्या सागराची मुख्य कथा न्यूमेनोर बेटाची. ती १९७७ साली, लेखकाच्या मृत्यूनंतर, 'सिल्मारिलियन' ग्रंथात प्रसिद्ध झाली. या बेटावरील माणसांना दीर्घायुष्य लाभले होते. बंधन एकच, आपला किनारा दिसेनासा होईल इतके पश्चिमेला जायचे नाही. पलीकडे अमरांची भूमी होती. पुढे लोकांना मरणाचे भय ग्रासू लागले. इलुवातारने, म्हणजे सृष्टिकर्त्याने, मानवाला दिलेले जे दान होते, तेच त्यांना शिक्षा वाटू लागले. वृद्ध होत चाललेल्या राजा आर-फाराझोनने अमरत्व हिसकावून घेण्यासाठी प्रचंड आरमार पश्चिमेला नेले. समुद्र दुभंगला, बेट बुडाले, पृथ्वी वाटोळी झाली आणि अमरांची भूमी जगाबाहेर नेण्यात आली. एदेनबागेतील फळाच्या जागी इथे पाण्यावरची एक अदृश्य रेषा आहे. मरणासन्नांच्या उशाशी बसणाऱ्या धर्मगुरूला ही कथा परकी वाटत नाही. आयुष्य पुरेसे मिळाले म्हणून भय कमी होते असे नाही. पुष्कळदा ते वाढलेलेच दिसते.

सर्व काही गिळणाऱ्या लाटेचे स्वप्न टॉल्किन यांना लहानपणापासून पडत असे. न्यूमेनोरची कथा लिहिल्यावर ते थांबले, असे त्यांनी नमूद केले आहे. कादंबरीत ते स्वप्न त्यांनी फारामिर या पात्राला देऊन टाकले. हा फारामिर आणि त्याचे सैनिक जेवणापूर्वी क्षणभर पश्चिमेकडे तोंड करून स्तब्ध उभे राहतात: बुडालेल्या बेटाकडे, आणि त्याच्याही पलीकडे. अन्यथा धर्मविधी जवळजवळ नसलेल्या त्या जगात ही एक भोजनपूर्व प्रार्थना उरली आहे.

१९५५ च्या डिसेंबरमध्ये 'टाइम अँड टाइड' या नियतकालिकात टॉल्किन यांची 'इम्राम' ही कविता आली. तिचा नायक संत ब्रेंडन. तिथे त्यांनी दोन समुद्र एकमेकांत मिसळून टाकले: ब्रेंडन यांना बुडालेल्या भूमीवर उरलेला पर्वत दिसतो, आणि वाटोळी पृथ्वी खाली वळते तिथून सरळ पुढे जाणाऱ्या जुन्या वाटेवरचा ताराही दिसतो. तरुण बंधू अधिक काही विचारतो, तेव्हा ते सांगत नाहीत. जुन्या लॅटिन ग्रंथातही वचनदत्त भूमीतील नदी त्यांना ओलांडू दिली जात नाही. एक तेजस्वी युवक त्यांना परत जायला सांगतो. ते परततात, आपल्या बंधूंना सारा वृत्तान्त कथन करतात, आणि थोड्याच दिवसांत त्यांच्या सहवासात, संस्कार स्वीकारून, देह ठेवतात.