आपले आपण शिकणे : बडोद्याचा एक धडा

माझा भाचा बडोद्याला डॉक्टरकी शिकतो. यंदा चवथीला घरी आला तेव्हा माटोळी बांधता बांधता त्याच्या अभ्यासाची गोष्ट निघाली. त्याने मोबाईलवरचे वेळापत्रक दाखवले. त्यात औषधशास्त्र वगैरे नेहमीचे तास होते आणि मधूनच एक तास होता ‘एसडीएल’. मी विचारले, हा कसला विषय? तो हसून म्हणाला, "मामा, हा विषय नाही. या तासाला सर शिकवत नाहीत, आमचं आम्ही शिकायचं!"

२०१९ पासून एमबीबीएसचा नवा अभ्यासक्रम देशभर लागू झाला, त्यात स्वयंअध्ययनाचे तास ठरवून दिले आहेत. कल्पना मुळात जुनी आहे. कॅनडातल्या मॅकमास्टर विद्यापीठाने १९६९ साली आपले वैद्यकीय विद्यार्थी घेतले ते याच वाटेने. शिक्षकाने व्याख्यान द्यायचे नाही, एक रुग्णाची गोष्ट समोर ठेवायची. हे का झाले, काय वाचायला हवे, काय तपासायला हवे, हे मुलांनी शोधायचे. कारण उघड आहे. कॉलेजात शिकलेले औषध दहा वर्षांनी मागे पडते आणि डॉक्टरला तर चाळीस वर्षे रोगी तपासायचे असतात. शिकायचे कसे हे ज्याला कळले तोच टिकतो.

हे सारे ऐकताना मला वाटले की बडोद्याच्या मातीला हा विचार नवा नाही.

१८७५ साली नाशिक जिल्ह्यातल्या कवळाणे गावचा बारा वर्षांचा एक शेतकऱ्याचा मुलगा दत्तक जाऊन बडोद्याच्या गादीवर बसला. त्याला तेव्हा लिहिता-वाचता येत नव्हते. इलियट नावाच्या इंग्रज शिक्षकाच्या हाताखाली मराठी, गुजराती, उर्दू आणि इंग्रजी अशा चार भाषा त्याने एकाच वेळी गिरवल्या. हेच पुढचे सयाजीराव महाराज. उशिरा शिकलेल्या माणसाला शिकण्याची किंमत वेगळीच कळते. त्यांनी आयुष्यभर पुस्तके जवळ केली आणि प्रजेनेही ती करावीत असा ध्यास घेतला.

१८९० साली बडोद्यात कलाभवन सुरू झाले. त्याचे पहिले प्रमुख होते सुरतचे रसायनशास्त्रज्ञ त्रिभुवनदास कल्याणदास गज्जर. चित्रकला, सुतारकाम, कापड रंगवणे, यंत्रविद्या असे विषय तिथे शिकवले जात. गज्जरांचा आग्रह दोन गोष्टींचा होता. शिक्षण मातृभाषेतून, म्हणजे तिथे मुख्यतः गुजरातीतून, आणि हाताने करून. मातृभाषेत पुस्तकेच नव्हती, तर त्यांनी ती करवून घेतली. ‘सयाजी ज्ञानमंजूषा’ ही ग्रंथमाला त्यातूनच आली. नुसते "आपले आपण शिका" म्हणून भागत नाही, शिकणाऱ्याच्या हाती त्याला कळेल असे पुस्तक द्यावे लागते, हे या माणसाने ओळखले होते.

याच कलाभवनात दादासाहेब फाळके शिकले. औषधांच्या बाजूने पाहिले तर गोष्ट आणखी जवळची आहे. १९०७ साली गज्जरांनी कोटीभास्कर आणि अमीन या आपल्या दोन शिष्यांबरोबर बडोद्यात अलेम्बिकचा कारखाना काढला. देशातल्या जुन्या औषध कंपन्यांत आज त्याचे नाव घेतले जाते.

मग १९१० साली सयाजीरावांनी अमेरिकेहून बॉर्डन नावाचा ग्रंथपाल बोलावला. मध्यवर्ती ग्रंथालय उभे राहिले, गावोगावी वाचनालये निघाली आणि जिथे वाचनालय नव्हते तिथे पुस्तकांच्या पेट्या फिरू लागल्या. शाळा सुटल्यावरही शिकणे सुटू नये, म्हणून ही सोय!

आता वैद्यकाकडे वळू. त्यासाठी बडोद्याहून मुंबईला यावे लागेल, कारण पश्चिम हिंदुस्थानातले बहुतेक जुने नामवंत डॉक्टर तिथल्याच ग्रँट मेडिकल कॉलेजचे. सर भालचंद्र कृष्ण भाटवडेकर बडोदा संस्थानाचे मुख्य वैद्यकीय अधिकारी होते, तेही ग्रँटचेच विद्यार्थी. हे कॉलेज १८४५ साली निघाले आणि १८५१ साली त्याची पहिली तुकडी बाहेर पडली. त्या तुकडीत आपल्या पेडण्यातल्या मांद्र्याचे भाऊ दाजी लाड होते.

पदवी मिळाल्यावर या तरुण डॉक्टरांनी काय केले? त्याच वर्षी त्यांनी एक मंडळ काढले. एकत्र जमावे, आपण पाहिलेले रोगी एकमेकांपुढे मांडावेत, चर्चा करावी. शिक्षक नाही, परीक्षा नाही. भाच्याच्या वेळापत्रकातला तो तास मला तरी यापेक्षा फार वेगळा वाटत नाही. भाऊ दाजींनी पुढे कुष्ठरोगावर कडू कवठीच्या बियांच्या तेलाचे प्रयोग केले, ते त्यांना कुठल्या व्याख्यानात सांगितलेले नव्हते.

१८६१ साली याच कॉलेजात मराठी आणि गुजराती भाषांतून वैद्यकाचे वर्ग सुरू झाले. भाऊंचे धाकटे बंधू नारायण दाजी तिथे औषधीविद्या शिकवत. डॉ. सखाराम अर्जुन यांच्यासारख्यांनी मराठीत वैद्यकाची पुस्तके लिहिली. म्हणजे दीडशे वर्षांपूर्वी शरीर आणि रोग मराठीतून समजावून देता येत होते.

आणि आपल्याकडे? पणजीची एस्कोला मेडिका १८४२ची, ग्रँटपेक्षाही तीन वर्षांनी जुनी. तिथे वैद्यक शिकायचे ते पोर्तुगीजमधून. रोगी मात्र कोकणी-मराठी बोलणारे. डॉक्टराच्या वहीत आणि रोग्याच्या तोंडात दोन वेगळ्या भाषा, हे गोव्याने शंभराहून अधिक वर्षे अनुभवले.

बडोद्याचे मेडिकल कॉलेज १९४९ साली निघाले. सयाजीराव दहा वर्षांपूर्वीच गेले होते. तिथले शिक्षण इंग्रजीतून, आणि त्याला कारणेही होती. जगातले नवे संशोधन इंग्रजीत येते आणि देशभरच्या मुलांनी एकत्र शिकायचे तर एक भाषा हवी. मला त्याची तक्रार करायची नाही. उद्या भाच्याला मराठीतून शरीरशास्त्र शिक म्हटले तर तो गोंधळेल, आणि त्याची चूक नसेल. आपण मधल्या काळात पुस्तके लिहिणे थांबवले, ही चूक आपली आहे.

पण एक गोष्ट मी त्याला विचारली. वॉर्डात रोग्यांशी कसा बोलतोस? तो म्हणाला, "पहिल्या महिन्यात थोडी गुजराती शिकवली. बाकीची वॉर्डात शिकलो. एक म्हातारी रोज माझे शब्द सुधारायची. ‘दुखावो’ म्हणजे दुखणे, ‘बळतरा’ म्हणजे जळजळ. तिला नेमकं काय होतंय हे तिच्या शब्दांतच कळतं ना, मामा!"

नव्या अभ्यासक्रमाच्या सुरुवातीला स्थानिक भाषेची ओळख ठेवली आहे, ही शहाणपणाची गोष्ट. पण त्या म्हातारीने दिलेला धडा कुठल्याच तासात बसत नाही. गज्जरांनी भाषा आणि हात यांची सांगड घातली होती. ती सांगड माझ्या भाच्याला वॉर्डात एका रोग्याच्या खाटेशी सापडली.

बोलता बोलता माटोळी पुरी झाली. आंबाडे, कवंडाळ, नारळ, सुपारीचा कात्रा... नावे त्याला सगळी पाठ आहेत. ती त्याला कोणी तास घेऊन शिकवली नव्हती. दर वर्षी आजोबांच्या हाताखाली तो एकेक फळ बांधत गेला, आणि शिकला.