पोकेमॉन गोमधला सीपी येतो कुठून? आणि स्टारडस्ट नेमकी कुठे थांबवायची?

पोकेमॉन गोच्या कुठल्याही व्हॉट्सॲप ग्रुपवर एक स्क्रीनशॉट रोज पडतो. वर मोठ्या अक्षरात सीपी, खाली पोकेमॉन, आणि सोबत एकच प्रश्न, "भावा, ह्याला वाढवू का?" उत्तरंही ठरलेली असतात. एक म्हणतो वाढव, दुसरा म्हणतो शंभर टक्केवाला नाही, सोडून दे.

दोघांपैकी हिशोब कुणीच मांडत नाही. खरं तर हिशोब अवघड नाही. दहावीचं गणित आलं तरी पुरतो.

आणि नांदेड-लातूरकडच्या खेळाडूला तो यायलाच हवा. पुण्या-मुंबईत माणूस बसस्टॉपवर उभ्या उभ्या पन्नास पोकेमॉन पकडतो. औसा, लोहा, देगलूर, अहमदपूरसारख्या गावांत पोकेस्टॉप कमी, त्यामुळे पकडायला मिळणारंही कमी. पोकेमॉन वाढवायला लागणारी स्टारडस्ट मुख्यतः पकडण्यातूनच मिळते. म्हणजे शहरातल्याची चूक आठवड्यात भरून निघते, आपली निघायला महिना जातो.

हा खेळ भारतात अधिकृतपणे आला १४ डिसेंबर २०१६ ला, रिलायन्स जिओसोबत करार करून. जिओची दुकानं तेव्हा पोकेस्टॉप आणि जिम झाली होती. त्याआधी जुलै २०१६ पासून जगात धुमाकूळ सुरू होता आणि आपल्याकडची पोरं कुठून कुठून ॲप उतरवून खेळतच होती. २०२३ मध्ये खेळ हिंदीत आला. २०२५ मध्ये निआंटिक कंपनीने तो स्कोपली या कंपनीला विकला. एवढं सगळं बदललं, पण सीपी काढायचं सूत्र तेच राहिलं.

सूत्र समजून घ्यायचं तर माळेगावला चला

लोहा तालुक्यातल्या माळेगावला मार्गशीर्षात खंडोबाची यात्रा भरते आणि जनावरांचा मोठा बाजार लागतो. तिथे बैल घेणारा जाणता शेतकरी तीन गोष्टी बघतो. पहिली, जात कुठली? लाल कंधारी की देवणी? दुसरी, वय काय? दात बघून आदत, दुसा की चौसा ते ठरतं. तिसरी, त्याच जातीच्या, त्याच वयाच्या दहा बैलांत ह्या एकाची अंगलट कशी?

पोकेमॉनचं अगदी तसंच आहे. जात म्हणजे त्या प्रजातीचे मूळ आकडे. वय म्हणजे लेव्हल. आणि अंगलट म्हणजे आयव्ही.

प्रत्येक प्रजातीला अटॅक, डिफेन्स आणि स्टॅमिना असे तीन मूळ आकडे ठरवून दिलेले आहेत. पिकाचूचे ११२, ९६ आणि १११. ड्रॅगोनाईटचे २६३, १९८ आणि २०९. हे बदलत नाहीत. त्या प्रत्येकात ० ते १५ पर्यंतचा आयव्ही मिळवला जातो. तो पोकेमॉन तुमच्या हाती येतानाच ठरलेला असतो आणि नुसत्या पॉवर अपने वाढत नाही. मग लेव्हलप्रमाणे एक गुणक लागतो, त्याला खेळाडू सीपीएम म्हणतात. सूत्र असं:

सीपी = अटॅक × √डिफेन्स × √स्टॅमिना × सीपीएम × सीपीएम ÷ १०

अपूर्णांक सोडून द्यायचा. उत्तर १० च्या खाली आलं तर १० धरायचं. झालं.

आता करून बघू. एक पिकाचू घ्या, लेव्हल २०, तिन्ही आयव्ही १०. म्हणजे अटॅक १२२, डिफेन्स १०६, स्टॅमिना १२१. डिफेन्सचं वर्गमूळ १०.२९६, स्टॅमिनाचं बरोबर ११. लेव्हल २० चा सीपीएम ०.५९७४, त्याचा वर्ग ०.३५६९. सगळं गुणून दहाने भागलं की येतात ४९३. खेळात हाच आकडा दिसतो.

आता ह्याच पिकाचूचे आयव्ही तिन्ही शून्य केले तर सीपी ४१२. तिन्ही १५ केले तर ५३६. लेव्हल मात्र तीच, २०.

शंभर टक्क्यांचं वेड

लातूर पॅटर्नच्या मुलखात टक्केवारीचं कौतुक वेगळं सांगायला नको. आयव्हीचे एकूण गुण ४५. पोकेमॉनच्या पानावर अप्रेझलमध्ये तीन पट्ट्या दिसतात, तिथे ते मोजता येतात. ३७ ते ४४ म्हणजे तीन स्टार, ३० ते ३६ दोन स्टार, २३ ते २९ एक. पूर्ण ४५ पडले की स्टारचा रंगच बदलतो.

पण हे ४५ म्हणजे प्रॅक्टिकलचे मार्क आहेत. थिअरीचा पेपर जातीचा. लेव्हल ४० वर तिन्ही आयव्ही शून्य असलेल्या ड्रॅगोनाईटचा सीपी येतो ३३४१ आणि शंभर टक्क्यांच्या ड्रॅगोनाईटचा ३७९२. शंभर टक्क्यांचा पिकाचू त्याच लेव्हलला जातो ९३८ पर्यंत. भिकार आयव्हीचा ड्रॅगोनाईट अव्वल पिकाचूच्या साडेतीन पट आहे. तरीही लोक "झिरो स्टार आहे" म्हणून चांगल्या जातीचा पोकेमॉन प्रोफेसरकडे पाठवून मोकळे होतात.

रानात शंभर टक्केवाला मिळायची शक्यता ४०९६ मध्ये एक, कारण सोळा गुणिले सोळा गुणिले सोळा. हवामान जुळलेलं असेल तर आयव्ही ४ च्या खाली जात नाही, तेव्हा १७२८ मध्ये एक. रेडमध्ये आणि अंड्यातून किमान १० असतो, म्हणून २१६ मध्ये एक. आणि लकी ट्रेडमध्ये किमान १२, म्हणजे ६४ मध्ये एक. शंभर टक्केच हवा असेल तर रानात पायपीट करण्यापेक्षा मैत्री जुनी करून ट्रेड करणं शहाणपणाचं.

आता खरा मुद्दा: ३० वर थांबा

सीपीएम असा वाढतो: लेव्हल १० ला ०.४२२५, २० ला ०.५९७४, ३० ला ०.७३१७, ४० ला ०.७९०३, ५० ला ०.८४०३. सूत्रात त्याचा वर्ग येतो, म्हणून वर्ग बघा. २० ला ०.३५६९, ३० ला ०.५३५४, ४० ला ०.६२४६. म्हणजे वीस ते तीसमध्ये जेवढी वाढ, तीस ते चाळीसमध्ये बरोबर त्याच्या निम्मी.

आपल्या पिकाचूवर लावून बघा. लेव्हल २० ला ४९३, ३० ला ७३९, ४० ला ८६२. पहिल्या दहा लेव्हलला २४६ सीपी वाढला, पुढच्या दहाला १२३.

आणि खर्च? २० वरून ३० ला न्यायला ७५,००० स्टारडस्ट लागते. ३० वरून ४० ला दीड लाख. खर्च दुप्पट, फायदा निम्मा. म्हणजे तिसाव्या लेव्हलनंतर तुमच्या प्रत्येक डस्टची किंमत पाव होते.

साधा पोकेमॉन पकडला की १०० डस्ट मिळते. ७५,००० म्हणजे ७५० पोकेमॉन. दिवसाला ४० पकडत असाल तर एकोणीस दिवस. दीड लाख म्हणजे अडतीस दिवस. गावात दिवसाला चाळीस मिळतात का, हे ज्याचं त्याने बघावं.

एकाच पोकेमॉनला ४० वर नेण्यात घालवलेल्या दीड लाखात दोन पोकेमॉन २० वरून ३० वर जातात. रेडला सहा जणांची फौज लागते, एकटा हिरो लागत नाही. म्हणून फौज तीसवर आणा आणि थांबा. ४० ते ५० चा तर विचारच सोडा. तिथे आणखी अडीच लाख डस्ट आणि २९६ एक्सएल कँडी जाते.

खेळात लेव्हलचा आकडा लिहिलेला नसतो, फक्त वर अर्धवर्तुळावर ठिपका दिसतो. पण ओळखायची सोपी खूण आहे. पॉवर अपच्या बटणावर २,५०० डस्ट दिसली की लेव्हल १९ ते २०.५. ५,००० दिसली की २९ ते ३०.५. दर ६,००० झाला की हात आखडता घ्या. लकी पोकेमॉनला दर निम्मा असतो, शॅडोला वीस टक्के जास्त आणि प्युरिफाइडला दहा टक्के कमी, तेवढं लक्षात ठेवा. लकी असेल तर चाळीसपर्यंत जायला माझी हरकत नाही.

फुकटची लेव्हल: ऊन आणि पाऊस

डस्ट न घालता लेव्हल मिळवायचा मार्ग म्हणजे हवामान. रानातला पोकेमॉन एरवी जास्तीत जास्त लेव्हल ३० चा मिळतो, हवामान जुळलं की पाच लेव्हल वर, म्हणजे ३५ पर्यंत. ३० ते ३५ चा खर्च ६२,००० डस्ट आहे, तो वाचला. रेडमधून मिळणारा पोकेमॉन २० चा असतो, हवामान जुळल्यास २५ चा. तिथे ३१,००० वाचले.

मराठवाड्यात वर्षातले कितीतरी महिने आभाळ निरभ्र. खेळात ह्या हवेत फायर, ग्रास आणि ग्राउंड प्रकाराला बळ मिळतं. उन्हाळ्यात ग्राउंड-फायरचे रेड सोडू नयेत. (दुपारी एक वाजता बाहेर पडा असं कुणी म्हणत नाही. निरभ्र रात्रीही हाच फायदा मिळतो.) पाऊस लागला की वॉटर, इलेक्ट्रिक आणि बग. नुसतं भरून आलं असेल तर फेअरी, फायटिंग आणि पॉयझन. ह्याच हवामानात त्या प्रकारच्या हल्ल्याला वीस टक्के जोरही जास्त मिळतो.

सीपी काय सांगत नाही

सूत्र पुन्हा बघा. त्यात हल्ला कुठला, हे कुठेच नाही. स्लेकिंग नावाचा प्राणी आहे. लेव्हल ४० ला त्याचा सीपी ४४३१, ड्रॅगोनाईटपेक्षा सहाशेने जास्त. पण त्याचा झटपट हल्ला म्हणजे जांभई, आणि जांभईने समोरच्याचं काहीच बिघडत नाही. आकडा बघून त्याला वाढवणाऱ्यांची संख्या कमी नाही.

प्रकाराची जुळणीही सीपीत नाही. समोरच्याच्या कमजोरीवर मारलं तर हल्ला १.६ पट बसतो, दुहेरी कमजोरी असेल तर २.५६ पट. हल्ला आणि पोकेमॉन एकाच प्रकारचे असतील तर वर आणखी १.२ पट. म्हणून २,००० सीपीचा योग्य प्रकारचा पोकेमॉन ३,००० वाल्या चुकीच्यापेक्षा रेडमध्ये बरा पडतो. शॅडो पोकेमॉन वीस टक्के जास्त जोराने मारतो आणि तेवढाच जास्त मार खातो, तेही सीपीत दिसत नाही. प्युरिफाय करायच्या आधी हा विचार करा.

बॅटल लीगमध्ये गणित उलटं

ग्रेट लीगमध्ये सीपीची मर्यादा १५००, अल्ट्रामध्ये २५००, मास्टरला मर्यादा नाही. मर्यादा आली की शंभर टक्केवाला मागे पडू शकतो. कारण सूत्रातच आहे. अटॅक पूर्ण मोजला जातो, डिफेन्स आणि स्टॅमिना वर्गमुळात. म्हणजे अटॅकचा एक गुण सीपी भराभर खातो.

अझुमारिल घ्या. मूळ आकडे ११२, १५२, २२५. आयव्ही १५-१५-१५ असेल तर लेव्हल ३६ लाच सीपी १४९७ होतो, पुढे जाता येत नाही. ८-१५-१५ असेल तर तो लेव्हल ४० पर्यंत जाऊन बरोबर १५०० वर थांबतो. लढताना पहिल्याचा अटॅक ९७, डिफेन्स १२८, एचपी १८४. दुसऱ्याचा अटॅक ९५, डिफेन्स १३२, एचपी १८९. दुसरा जास्त वेळ उभा राहतो. म्हणून ग्रेट लीगसाठी कमी अटॅक आणि भरलेल्या बाकी दोन पट्ट्या शोधा. "दोनच स्टार" म्हणून टाकून दिलेल्यांत असे बरेच सापडतील.

जिम आणि नाणी

छोट्या गावात एक वेगळीच गंमत होते. जिम कुणी पाडतच नाही. पोकेमॉन दहा दिवस बसून राहतो आणि मालक खूश. पण नाणी मिळतात पोकेमॉन परत आल्यावर, तीही दिवसाला जास्तीत जास्त ५०. दहा मिनिटांना एक नाणं, म्हणजे आठ तास वीस मिनिटांत कोटा पूर्ण. पुढचे साडेनऊ दिवस फुकट. जगभर छोट्या गावांतले खेळाडू दुसऱ्या टीमशी बोलून रोज एकमेकांचे पोकेमॉन उतरवतात. तुमच्या गावात तीन-चार जण असतील तर हे जमायला काय हरकत आहे? शिवाय जास्त सीपीचा पोकेमॉन जिममध्ये लवकर दमतो, त्यामुळे तिथे ठेवायला खास कुणाला वाढवायची गरज नाही.

पोकेस्टॉपच कमी असतील तर ठराविक लेव्हलनंतर नवीन जागा सुचवता येते. मूळचे बरेचसे स्टॉप निआंटिकच्याच इन्ग्रेस या आधीच्या खेळातून आले, पुढची भर खेळाडूंनी घातली. गावची बारव, वेस, बुरूज, पुतळा, जुनं मंदिर चालतं. कुणाचं घर किंवा शाळा चालत नाही. फोटो स्वच्छ काढा, नाव नीट लिहा.

शेवटचं ॲप्सबद्दल. आयव्ही काढून देतो म्हणून गूगलचा पासवर्ड मागणारं कुठलंही ॲप नको. २०१९ पासून अप्रेझलच्या पट्ट्या खेळातच नेमका आकडा दाखवतात, वेगळं काही लागत नाही. आणि घरी बसून टोकियोत फिरवणारं बनावट जीपीएस वापरलं तर खातं बंद होऊ शकतं. त्यातली दोन-तीन वर्षांची डस्टही त्याच्यासोबत जाते.