खजिनाशोधाचे चित्रपट

पुरलेले गुप्तधन, हरवलेली प्राचीन वस्तू किंवा लुटून नेलेली कलाकृती यांच्या शोधावर ज्यांचे कथानक उभे असते, असे चित्रपट. साहसपट, गुन्हेपट, वेस्टर्न, भयपट, बालचित्रपट अशा अनेक प्रकारांत ते विखुरलेले असल्याने त्यांची हद्द आखणे अवघड जाते. सामग्री मात्र बहुधा ठरलेली असते: अर्धवट नकाशा किंवा खूण, तिच्या मागावर असलेल्या एकाहून अधिक टोळ्या, वाटेतले सापळे आणि वस्तू हाती येते न येते असा शेवट. पाठलागाला निमित्त एवढेच काम असलेल्या वस्तूला दिग्दर्शक हिचकॉक ‘मॅकगफिन’ म्हणत. या चित्रपटांतल्या पुष्कळशा वस्तू त्याच जातीच्या असतात. एकीच्या जागी दुसरी ठेवली तरी कथेचे काही बिघडत नाही. चांगल्या चित्रपटांत मात्र वस्तू कुठे आहे याइतकाच ती कुणाची आहे हा प्रश्नही महत्त्वाचा ठरतो.

या कथांचे मूळ एकोणिसाव्या शतकातील इंग्रजी कादंबरीत आहे. स्टीव्हन्सनच्या ‘ट्रेझर आयलंड’ने (१८८३) फुलीची खूण असलेला नकाशा रूढ केला, तर रायडर हॅगार्डच्या ‘किंग सॉलोमन्स माइन्स’ने (१८८५) आफ्रिकेच्या अंतर्भागातील खजिना आणि तिकडे निघालेला गोरा शिकारी हे जोडपे जमवले. दोन्हींवर वारंवार चित्रपट निघाले. त्याआधीची विल्की कॉलिन्सची ‘द मूनस्टोन’ (१८६८) भारताच्या दृष्टीने अधिक बोलकी आहे. १७९९ मध्ये श्रीरंगपट्टण पडले तेव्हा एका इंग्रज अधिकाऱ्याने लुटलेला हिरा हा तिचा विषय आहे. त्याच्या मागावर इंग्लंडपर्यंत गेलेले तीन ब्राह्मण अखेर तो परत मिळवतात आणि हिरा पुन्हा सोमनाथच्या परिसरात देवाच्या मूर्तीवर चढतो. लुटीचा माल मूळ जागी पोहोचवणारा असा शेवट पुढे पडद्यावर बराच काळ क्वचितच दिसला.

हॉलिवूडमध्ये या प्रकाराला वजन दिले ते जॉन ह्यूस्टन यांनी. त्यांचा पहिलाच चित्रपट ‘द मॉल्टीज फाल्कन’ (१९४१) हॅमेटच्या कादंबरीवर आधारलेला होता. रत्नजडित ससाण्याच्या पुतळीपायी खून पडतात आणि शेवटी चाकूने खरवडल्यावर पुतळी शिशाची निघते. त्यांच्याच ‘द ट्रेझर ऑफ द सिएरा माद्रे’मध्ये (१९४८) मेक्सिकोच्या डोंगरात तिघांनी महिनोन्‌महिने खपून जमवलेली सोन्याची रेती दरोडेखोर वाळू समजून फेकून देतात आणि ती वाऱ्यावर उडून जाते. या चित्रपटासाठी जॉन यांना दिग्दर्शनाचे आणि त्यांचे वडील वॉल्टर यांना सहायक अभिनेत्याचे ऑस्कर मिळाले. खजिना हाती न लागण्याचा हा संकेत केवळ तत्त्वचिंतनातून आलेला नाही. त्या काळच्या हॉलिवूडच्या आचारसंहितेनुसार गुन्हेगाराला गुन्ह्याचे फळ भोगू देता येत नसे. संहिता गेल्यावरही संकेत टिकला.

भारतात या परंपरेतील सर्वांत लाडका चित्रपट ठरला तो जे. ली थॉम्प्सन यांचा ‘मॅकेनाज गोल्ड’ (१९६९). अमेरिकेत तो फारसा चालला नाही; भारतात मात्र वर्षानुवर्षे पुनःपुन्हा लागत राहिला. ग्रेगरी पेक यांनी रंगवलेला मॅकेना नकाशा जाळून टाकतो, त्यामुळे सोन्याची वाट फक्त त्याच्या डोक्यात उरते. सूर्य उगवताना एका उंच सुळक्याची सावली पसरत जाते आणि तिचे टोक जिथे टेकते तिथे दरीत शिरण्याची फट आहे, हे दृश्य पाहिलेला प्रेक्षक ते सहसा विसरत नाही. कथा म्हणून चित्रपट बेताचाच आहे. लक्षात राहतात ती निसर्गदृश्ये आणि शेवटचा भूकंप.

स्टीव्हन स्पीलबर्ग आणि जॉर्ज लुकस यांच्या ‘रेडर्स ऑफ द लॉस्ट आर्क’ने (१९८१) नायक बदलला. सोनेशोध्या किंवा लुटारू यांच्या जागी पुरातत्त्वाचा प्राध्यापक आला. इंडियाना जोन्सची टोपी आणि चामडी जाकीट हा वेश पेरूमधील माचू पिचू येथे चित्रित झालेल्या ‘सीक्रेट ऑफ द इंकाज’मधील (१९५४) चार्लटन हेस्टनच्या वेशावरून बेतलेला आहे. आरंभीच्या प्रसंगात जोन्स सोन्याच्या मूर्तीचे वजन डोळ्यांनी जोखतो, वाळूची पिशवी थोडी रिकामी करून मूर्तीच्या जागी सरकवतो आणि तरीही अंदाज चुकून देऊळ कोसळू लागते. साऱ्या मालिकेचा स्वभाव या प्रसंगात आहे. वस्तू संग्रहालयात गेली पाहिजे, असा जोन्सचा आग्रह असतो. ज्यांच्या देवळातून ती उचलली त्यांना विचारण्याची गरज त्याला वाटत नाही. उत्खननाची नोंद, थरांचे मोजमाप, खापरांचे वर्गीकरण हे पुरातत्त्वाचे खरे काम पडद्यावर जवळजवळ येतच नाही.

मालिकेतील दुसरा चित्रपट ‘टेंपल ऑफ डूम’ (१९८४) भारतात घडतो. पटकथेवर भारत सरकारने आक्षेप घेतल्याने त्याचे बाह्यचित्रण श्रीलंकेत करावे लागले आणि भारतात काही काळ त्याच्या प्रदर्शनाला बंदी होती. माकडाच्या मेंदूची मेजवानी आणि नरबळी देणारा, अमरीश पुरी यांनी साकारलेला मोलाराम यांमुळे तो टीकेचा विषय झाला, आणि ती टीका रास्तच होती. गंमत म्हणजे याच चित्रपटात जोन्स गावाची पवित्र शिळा संग्रहालयाला न देता गावाला परत करतो. ‘द ममी’ (१९९९), ‘लारा क्रॉफ्ट: टूम रेडर’ (२००१), ‘नॅशनल ट्रेझर’ (२००४) आदी नंतरचे चित्रपट याच साच्यातून निघाले.

दुसऱ्या महायुद्धात नाझींनी केलेली कलाकृतींची लूट हा एक वेगळा गट आहे. जॉन फ्रँकेनहायमर यांच्या ‘द ट्रेन’मध्ये (१९६४) पॅरिसमधील चित्रे जर्मनीला नेणारी आगगाडी फ्रेंच रेल्वे कामगार अडवतात. ज्या चित्रांसाठी माणसे मरतात ती त्यांनी कधी पाहिलेलीही नसतात, मग हे मरण कशासाठी, हा सवाल चित्रपट शेवटपर्यंत सोडत नाही. आल्टाउसीच्या मिठाच्या खाणीत दडवलेल्या कलाकृतींची सुटका दाखवणारा ‘द मॉन्युमेंट्स मेन’ (२०१४) त्यामानाने भाबडा आहे. ‘वुमन इन गोल्ड’मध्ये (२०१५) शोधाचे रणांगण न्यायालय आहे. मारिया आल्टमान यांनी आपल्या काकूचे क्लिम्टने काढलेले चित्र ऑस्ट्रियाकडून मिळवण्यासाठी दिलेला लढा त्याचा विषय असून २००६ मध्ये ते चित्र त्यांना प्रत्यक्षात परत मिळाले.

लुटीच्या बाजूने न पाहता ज्यांच्या भूमीतून वस्तू जातात त्यांच्या बाजूने पाहणारा श्रेष्ठ चित्रपट म्हणजे शादी अब्देल सलाम यांचा इजिप्शियन ‘अल-मूमिया’ (१९६९). १८८१ मध्ये देर अल-बहरी येथे फारोंच्या ममींचा साठा उघडकीस आला, त्या घटनेवर तो आधारलेला आहे. डोंगरातील एक जमात पिढ्यान्‌पिढ्या या थडग्यांतील ऐवज विकून जगत आली आहे. वडील वारल्यावर तरुण वनीसला चुलते गुहेत नेतात आणि त्याच्यासमोर ममी फोडून तिच्या गळ्यातील डोळ्याच्या आकाराचा सुवर्णालंकार काढतात. वनीस अखेर सरकारी अधिकाऱ्यांना जागा सांगतो. पहाटे शवपेट्यांची रांग नदीकडे जाते आणि जमातीचे जगण्याचे साधन संपते. वारसा वाचला, पण कुणाच्या पोटावर पाय देऊन, हे चित्रपट लपवत नाही. इटलीतील एत्रुस्कन थडगी फोडणाऱ्यांवरचा ‘ला किमेरा’ (२०२३) हा अलीकडचा याच तोडीचा चित्रपट होय. मती दियोप यांच्या ‘दाओमे’ या माहितीपटात फ्रान्सने २०२१ मध्ये बेनिनला परत केलेल्या २६ राजवस्तूंचा प्रवास आहे. २०२४ च्या बर्लिन महोत्सवात त्याला सुवर्ण अस्वल मिळाले.

भारतात सत्यजित राय यांनी हा विषय फेलूदा या गुप्तहेराच्या कथांतून हाताळला. ‘सोनार केल्ला’मध्ये (१९७४) पूर्वजन्म आठवणाऱ्या मुलाच्या बोलण्यावरून भामटे जैसलमेरपर्यंत धाव घेतात, तर ‘जय बाबा फेलुनाथ’मध्ये (१९७९) काशीतल्या घरातील गणेशमूर्ती नाहीशी होते. संदीप राय यांच्या ‘कैलाशे केलेंकारी’मध्ये (२००७) भुवनेश्वरच्या देवळातून तोडलेल्या यक्षीच्या मस्तकाचा माग काढत फेलूदा वेरूळला येतो. हिंदीत कृष्णा शाह यांचा ‘शालिमार’ (१९७८), तमिळमध्ये ‘आयिरत्तिल ओरुवन’ (२०१०) आणि मराठीत श्रीरंग गोडबोले यांचा मुलांसाठीचा ‘चिंटू २ : खजिन्याची चित्तरकथा’ (२०१३) ही आणखी उदाहरणे.

राही अनिल बर्वे यांचा हिंदी ‘तुंबाड’ (२०१८) या साऱ्यांत अस्सल मराठी मातीचा आहे. त्याचे बीज नारायण धारप यांच्या कथेत असून नाव श्री. ना. पेंडसे यांच्या ‘तुंबाडचे खोत’वरून घेतलेले आहे. धनावर बसलेला नाग, पायाळू माणसाच्या डोळ्यांत अंजन घालून काढलेला हंड्याचा माग, या लोकसमजुती महाराष्ट्रात जुन्या आहेत. ‘तुंबाड’मधील शापित देव हस्तर त्याच कुळातला. नायक विनायकराव दोरावरून विहिरीत उतरतो, पिठाचे रिंगण आखतो, कणकेची बाहुली टाकून हस्तरला भुलवतो आणि त्याच्या लंगोटातून निसटलेल्या मोहरा ओरबाडून वर येतो. एका खेपेला मूठभर मोहरा, एवढाच हा खजिना. मुलगा अधिक बाहुल्या नेण्याची युक्ती काढतो तेव्हा जितक्या बाहुल्या तितके हस्तर उभे राहतात. समजुतींचे हे जग केवळ कथेतले नाही. गुप्तधनाच्या शोधासाठी केलेल्या अघोरी कृत्यांचा महाराष्ट्राच्या २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यात गुन्हा म्हणून समावेश करावा लागला आहे.

चित्रपटांतील शोधकाला जे सहज जमते ते कायद्याने करता येत नाही. १८७८ च्या भारतीय निधी अधिनियमानुसार दहा रुपयांहून अधिक किमतीचे गुप्तधन सापडल्यास त्याची लेखी खबर जिल्हाधिकाऱ्यांना द्यावी लागते. प्राचीन मूर्ती व कलावस्तू परवान्याविना परदेशी नेण्यास १९७२ च्या अधिनियमाने बंदी आहे. तरीही तमिळनाडूतील श्रीपुरंदन येथून चोरलेली नटराजाची कांस्यमूर्ती ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय कलादालनाने लाखो डॉलरना विकत घेतली होती. ती २०१४ मध्ये भारताला परत मिळाली. अशा मूर्तिचोऱ्यांत कथानकाची कमतरता नाही, पण फेलूदाचे चित्रपट सोडले तर भारतीय कथापटांनी या विषयाकडे अजून फारसे लक्ष दिलेले नाही.