कोरड्या मुलखांतील झाड आणि घागर

अहमदनगर, म्हणजे आजचें अहिल्यानगर, सोडून पूर्वेस निघालेला रस्ता शाह डोंगराच्या पायथ्यावरून जातो, करंजीचा घाट ओलांडतो आणि तिसगांवास येतो. हा सारा टापू सह्याद्रीच्या पर्जन्यछायेंतला. वर्षाकाठीं वीस-बावीस इंच पाऊस, तोही बेभरंवशाचा. बहुतेक जमीन मुरमाड, आणि मातीच्या पातळ थराखालीं काळा पाषाण. या प्रदेशास वाळवंट म्हणणें अतिशयोक्तीचें होईल. तथापि माघापासून मृगापर्यंत येथील झाडास जें सोसावें लागतें, तें मरुभूमींतील झाडाच्या भोगाहून फारसें निराळें नसतें. अशा जमिनींत झाड कसें लावावें, याची विद्या आपल्याकडे फार जुनी आहे. लावलेल्या झाडास पाणी कोणीं घालावयाचें, हा प्रश्न मात्र विद्येचा नसून मनुष्यबळाचा आहे. आणि येथील झाडांचें भवितव्य मुख्यतः त्यानेंच ठरविलें.

सहाव्या शतकांत वराहमिहिरानें बृहत्संहितेंत वृक्षायुर्वेदावर एक अध्याय लिहिला. झाड एका जागेवरून दुसऱ्या जागीं न्यावयाचें असेल तर त्यास मुळापासून फांद्यांपर्यंत तूप, वाळा, तीळ, मध, वावडिंग, दूध आणि शेण यांचा लेप द्यावा, असें तो सांगतो. लावलेल्या झाडास उन्हाळ्यांत सकाळ-संध्याकाळ, हिंवाळ्यांत एक दिवसाआड, आणि पावसाळ्यांत जमीन सुकेल तेव्हां पाणी द्यावें. दोन झाडांत वीस हात अंतर उत्तम, सोळा मध्यम, बारा कनिष्ठ. लेपांतील तुपा-मधाचा खर्च सामान्य शेतकऱ्यास झेपण्यासारखा नव्हता, हें उघड आहे. परंतु उघड्या पडलेल्या मुळास ओला लेप असला म्हणजे तें वाऱ्यानें सुकत नाहीं, एवढा त्यांतला व्यवहार आजही खरा आहे. आणि ऐन पावसाळ्यांतही पाणी घालण्याची आठवण देणारा हा ग्रंथकार पावसाची उघडीप चांगलीच ओळखून होता.

निजामशाहीनें या प्रश्नास राजाच्या ऐपतीचें उत्तर दिलें. इ. स. १४९० मध्यें अहमद निजामशहानें नगर वसविलें. पुढें कापूरवाडी, वडगांव, भिंगार अशा भोंवतालच्या गांवांकडून खापरी नळांनीं शहरांत आणि बागांत पाणी खेळविण्यांत आलें. नळाच्या वाटेंत ठिकठिकाणीं उच्छ्वास बांधलेले असत. त्यांतून कोंडलेली हवा निघून जाई आणि पाण्याचा जोर सांभाळला जाई. १५८३ मध्यें पुरी झालेली फराहबाग हा या खटाटोपाचा कळस होय. मध्यें तलाव, तलावांत महाल आणि सभोंवार बाग अशी तिची रचना होती. त्या काळचा वजीर दुसरा सलाबतखान यानेंच भातवडीचा तलाव बांधविला. त्याची कबर शाह डोंगरावर असून लोक तिला चांदबिबीचा महाल म्हणतात. १६२४ मध्यें मलिक अंबरानें भातवडीस मोंगल व आदिलशाही फौजांचा पराभव केला, तेव्हां याच तलावाचा बांध फोडून त्यानें शत्रूच्या वाटेंत चिखल केला, असें सांगतात. १६३६ मध्यें निजामशाही संपली. खापरी नळांपैकीं कांहीं पुढेंही वाहत राहिले, पण बागांची निगा राखणारे पगारी हात राहिले नाहींत. भातवडीचा तलाव इंग्रजी अमलांत, १८७७ च्या सुमारास, दुरुस्त झाला. फराहबागेचा महाल अद्याप उभा आहे. ती बाग मात्र गेली.

मलिक अंबर हा हबशी. त्याच्याच खंडांतलें एक झाडही दख्खनेंत येऊन राहिलें आहे, तें म्हणजे गोरखचिंच. हत्तीच्या पायासारख्या बुंध्यांत पाणी सांठवून तें कोरडा काळ काढतें आणि त्या काळांत पानें टाकून देतें. तिसगांवाजवळ मढीस कानिफनाथांची समाधी आणि डोंगरांत मायंब्यास मच्छिंद्रनाथांची. नाथपंथाच्या या मुलखांत गोरखनाथांचें नांव धारण करणारें झाड परकें वाटण्याचें कारण नाहीं. तरी तें परकेंच. २०१५ सालीं प्रसिद्ध झालेल्या आनुवंशिक अभ्यासावरून असें दिसतें कीं, तें भारतांत एकदांच नव्हे तर अनेक वेळां, आफ्रिकेच्या निरनिराळ्या भागांतून आलें. त्याचें बीं कठीण कवचाचें असून फळाचा आंबट गर प्रवासांत टिकतो. समुद्रापलीकडे रोप नेऊन जगविण्यापेक्षां फळ नेणें केव्हांही सोपें.

खेड्यांतल्या झाडास ना नळ होता, ना वजीर. म्हणून तेथें बाभूळ, हिवर आणि निंब यांचाच मान मोठा. बाभळीचें रोप आधीं सोटमूळ खोल सोडतें, मग वर वाढतें. उपटून लावतांना तें मूळ तुटलें कीं झाड खुरटतें. त्यामुळें तिचें बीं जागच्या जागीं पेरणें बरें. शेळीच्या पोटांतून गेलेलें बीं लवकर रुजतें. मात्र तीच शेळी कोंवळें रोप खाऊन टाकते, म्हणून भोंवतीं काट्यांची कुपाटी हवी. निंबाचें वा चिंचेचें रोप लावावयाचें तर उन्हाळ्यांत खड्डा खणून तो तळ्यांतील गाळ व शेणखत यांनीं भरतात आणि पहिल्या चांगल्या पावसानंतर रोप लावतात. आळ्यावर पालापाचोळा पसरून मुळाशेजारीं कोरें, झिरपणारें मडकें गळ्यापर्यंत पुरलें कीं माती सुकेल तसतसें त्यांतून पाणी पाझरतें. सुमारें दोन हजार वर्षांपूर्वीं चीनमधील फान शेंग-ची यानें आपल्या कृषिग्रंथांत पुरलेल्या मडक्याची हीच रीत सांगितली आहे. सकाळ-संध्याकाळच्या पाटाच्या पाण्याहून ही युक्ति या मुरमास अधिक मानवते.

पण तें मडकें कांहीं दिवसांनीं भरावें लागतेंच, आणि घोटाळा तेथेंच होतो. पाथर्डी तालुक्यांतील पुष्कळ कुटुंबें दसरा-दिवाळीनंतर ऊसतोडीस साखर कारखान्यांकडे जातात आणि उन्हाळा लागल्यावर परततात. नव्या रोपास पाण्याची सर्वांत अधिक गरज नेमकी त्या महिन्यांत. मोठ्या बागांची कथा याहून बिकट. २०१२-१३ आणि २०१८-१९ च्या दुष्काळांत नगर-बीडकडील शेतकऱ्यांनीं मोसंबी-डाळिंबाच्या बागा विकतच्या टँकरनें जगविल्या. ज्यांचा पैसा संपला, त्यांनीं आपल्याच हातानें झाडांवर कुऱ्हाड चालविली. ऊसतोडीच्या दिवसांत वाड्या-वस्त्यांवर मागें राहतात तीं वृद्ध माणसें आणि शाळेंत जाणारीं मुलें. पाडव्याच्या सुमारास बिऱ्हाड परत येईपर्यंत बांधावरच्या रोपाचें मडकें त्यांच्याच घागरीनें भरतें.