मुक्काम कुणाकडे? ट्रेकच्या रात्रीचा इतिहास कसा शोधायचा

पेट झाली, आता प्रस्ताव लिहायचाय, अशा टप्प्यावरच्या मित्रमैत्रिणींचा एक प्रश्न मला नेहमी येतो. "ट्रेकिंग, गावातला मुक्काम, लोकसंस्कृती यावर इतिहासात पीएचडी होते का? की तो पर्यटनवाल्यांचा विषय?"

होते. नक्की होते. अडचण वेगळीच आहे. अशा प्रस्तावाचं पहिलं वाक्य बहुतेक वेळा "अतिथी देवो भव ही आपली प्राचीन परंपरा आहे" असं असतं, आणि इतिहास तिथेच संपतो. परंपरा प्राचीन आहे म्हटलं की मग ती कधी बदलली, कुणासाठी होती, तिचा खर्च कुणी सोसला, हे विचारायला जागाच उरत नाही. म्हणून ते वाक्य खोडा आणि त्याजागी एक प्रश्न लिहा: डोंगराच्या पायथ्याशी रात्र झाली, तर परक्या माणसाला कोण ठेवून घ्यायचं, घराच्या कुठल्या भागात, कुणाच्या कष्टावर, आणि कुणाला दारातूनच परतावं लागायचं?

तुम्ही आपल्याच शहरात असाल तर सुरुवात गुलमंडीपासून करा. सुपारी मारुतीपाशी उभं राहून कन्नडच्या दिशेला तोंड करा. अंतूर, पितळखोरा, गौताळ्याचा घाट, आणि सोयगावच्या अंगाने गेलात तर हळद्याजवळचा वेताळवाडी किल्ला. हे सगळे आज कमी पैशातल्या शनिवार-रविवारच्या ट्रेकचे टप्पे आहेत. पण हे रस्ते ट्रेकर्सनी शोधलेले नाहीत. अंतूरच्या वाटेवर निजामशाही काळातला एक चौकोनी दगडी खांब आहे. त्याच्यावर फारसीत कुठली वाट कुठे जाते ते कोरलंय: दौलताबाद, अहमदनगर, चाळीसगाव, बऱ्हाणपूर. आजच्या भाषेत रस्त्यावरची पाटीच. पाटी होती म्हणजे वाटसरू होता, आणि वाटसरू होता म्हणजे त्याची रात्रही कुठेतरी जात होती. कुठे, ते खांब सांगत नाही.

रात्रीच्या मुक्कामाची लेखी नोंद सापडते ती शहरातच, गुलमंडीपासून फार लांब नसलेल्या पाणचक्कीत. सहलीला जाऊन हौदातले मासे आपण सगळ्यांनी पाहिलेत. ही जागा मुळात एक तकिया, म्हणजे सूफी फकिरांचं ठाणं. मध्य आशियातून आलेले बाबा शाह मुसाफिर इथे राहिले. नावातच मुसाफिर. त्यांचे उत्तराधिकारी शाह महमूद यांच्या काळात ही वास्तू वाढली, आणि त्यांनीच सांगितलेल्या हकिगतींचा फारसी ग्रंथ, 'मल्फूजात-इ-नक्शबंदिया', आज उपलब्ध आहे. सायमन डिग्बी यांनी केलेलं त्याचं इंग्रजी भाषांतर 2001 मध्ये ऑक्सफर्डने छापलं. तो ग्रंथ चमत्कारांसाठी वाचू नका, किंवा वाचा, पण नुसता त्यासाठी नको. त्यात येणारे-जाणारे फकीर, बेकार शिपाई, घरी परतू बघणारे तुराणी लोक दिसतात. कुणाला जेवण मिळालं, कुणाला कपडा, कुणाला वाटखर्च, हे दिसतं. आणि ती पाण्यावर फिरणारी चक्की शोभेची नव्हती. तकियातल्या माणसांना पीठ लागायचं, ते दळायला होती. मुक्कामाचा इतिहास पिठापासून सुरू होतो, हे मला पाणचक्कीनेच शिकवलं.

शहरात तकिया, सराई, मठ, धर्मशाळा. गावात काय? चावडी, मारुतीचं देऊळ, पाटलाच्या वाड्याची ओसरी. इथे तुम्हाला त्रिंबक नारायण आत्रे यांचं 'गावगाडा' (1915) लागेलच. आत्रे महसूल खात्यातले. गावाकडे ते प्रेमाने बघतात, पण नजर हिशोबनीसाची आहे. फिरस्त्यांवर त्यांनी स्वतंत्र प्रकरण लिहिलं आहे, आणि त्यातला सूर पाहुणचाराचं कौतुक करण्याचा नाही. बाहेरून येणाऱ्यांना पोसताना कुणब्याची कंबर कशी मोडते, याची ती तक्रार आहे. पुस्तक नगरच्या बाजूच्या अनुभवावर उभं आहे आणि आत्र्यांचे स्वतःचे पूर्वग्रह त्यात भरपूर आहेत, ते लक्षात ठेवून वाचा. पण एवढं तरी कळतं की गावात आलेल्या माणसाचं जेवण फुकट कधीच नव्हतं. पैसे पाहुणा देत नव्हता, इतकंच.

मग कोण देत होतं? एक मोठा वाटा महारवाड्याचा. वेशीवरचा येसकर, आलेल्या-गेलेल्यावर नजर ठेवणं, वाट दाखवणं, सरकारी माणसाचं ओझं पुढच्या गावापर्यंत पोचवणं ही महार वतनदाराची कामं होती. आज ट्रेकला आपण 'लोकल गाइड' घेतो आणि त्याला दिवसाचे पैसे देतो. शंभर वर्षांपूर्वी हेच काम वतनाच्या नावाखाली, नाकारण्याची सोय नसताना, करावं लागायचं. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 1928 मध्ये मुंबई कायदेमंडळात महार वतनाचं विधेयक आणलं ते या गुलामीविरुद्ध. मात्र इथे एक पथ्य पाळा. तो मुंबई इलाखा होता. कन्नड, खुलताबाद, सिल्लोड निजामाच्या राज्यात होते, 17 सप्टेंबर 1948 पर्यंत. पुण्या-नगरची कागदपत्रं वाचून मराठवाड्याबद्दल निष्कर्ष काढायचा मोह आपल्याकडे फार आहे, कारण ती छापील आणि इंग्रजीत मिळतात. आपले कागद उर्दूत, फारसीत, मोडीत आहेत आणि त्यातले बरेच हैदराबादला आहेत. निदान 1884 चं औरंगाबादचं गॅझेटियर तरी आधी बघा.

आता दोन प्रवास शेजारी ठेवून बघू. पहिला विष्णुभट गोडसे यांचा. पेणजवळच्या वरसईचे हे भटजी 1857 साली दक्षिणा मिळवायला उत्तरेकडे निघाले आणि बंडात सापडले. 'माझा प्रवास' तुम्ही वाचलं असेल. 1907 मध्ये ते छापून आलं. आपण ते झाशीच्या वेढ्यासाठी वाचतो. एकदा नुसतं मुक्कामांसाठी वाचा. लुटालूट, उपास, जिवाची भीती, सगळं आहे. पण नव्या गावात गेल्यावर ब्राह्मणाचं घर शोधायचं आणि तिथे पान वाढलं जाईल अशी आशा धरायची, ही सोय त्यांच्या हाताशी होती. खिशात काही नसताना चाललेला हा प्रवास जातीच्या ओळखीवर पार पडतो.

दुसरा प्रवास 1934 चा आणि आपल्या अगदी उंबऱ्यातला. चळवळीतल्या काही सहकाऱ्यांना बाबासाहेबांबरोबर सहलीला जायचं होतं. वेरूळची लेणी बघायचं ठरलं. तीसेक माणसं, एक बस, एक मोटार. 'वेटिंग फॉर अ व्हिसा' या आठवणींत त्यांनी हे लिहून ठेवलंय. ते लेखन 1990 मध्ये पुस्तिकेच्या रूपाने प्रसिद्ध झालं. नियोजन बघा: वाटेत त्रास नको म्हणून आपण कोण आहोत हे सांगायचं नाही, फक्त जिथे थांबायचंय तिथल्या आपल्या लोकांना आधी कळवायचं. दौलताबादला असा निरोप गेला होता. तिथली माणसं गावाच्या तोंडाशी वाट बघत उभी होती. आधी चहा घ्या, मग किल्ला बघा, असा त्यांचा आग्रह. पण अंधार पडायच्या आत किल्ला बघून व्हावा म्हणून मंडळी म्हणाली, चहा येताना घेऊ. ट्रेकला गेलेल्या कुणालाही हा संवाद ओळखीचा वाटेल.

पुढे ओळखीचं काही राहत नाही. किल्ल्याच्या दाराजवळ पाण्याचा काठोकाठ भरलेला हौद होता. प्रवासाच्या धुळीने माखलेल्या काहींनी त्यावर तोंड धुतलं. एक म्हातारा मुसलमान ओरडत आला, यांनी हौद बाटवला. गर्दी जमली, शिवीगाळ झाली, प्रकरण हातघाईवर यायची वेळ आली. शेवटी किल्ला बघायची परवानगी मिळाली, पण आत कुठेही पाण्याला हात लावायचा नाही या अटीवर, आणि त्यावर लक्ष ठेवायला बरोबर एक हत्यारबंद शिपाई.

आपल्या विद्यापीठाला ज्यांचं नाव आहे त्यांची ही दौलताबादची सहल. दरवर्षी शेकडो विद्यार्थी त्याच दारातून आत जातात. तुमच्या संशोधनासाठी मात्र या प्रसंगातल्या दोन जागा वेगवेगळ्या करून बघा. हौदाची जागा सगळे लक्षात ठेवतात. चहाची जागा निसटते. निरोप कुणी नेला, चहाचं दूध कुठून आलं, तीस माणसांची भांडी कुणाच्या घरातली? ज्यांना धर्मशाळा आणि ओसऱ्या बंद होत्या, त्यांनी आपलं स्वतःचं मुक्कामाचं जाळं उभं केलं होतं. आज आपण होमस्टे म्हणतो त्याचा एक पूर्वज इथे आहे, आणि पर्यटनाच्या पुस्तकांत तो दिसत नाही.

स्वातंत्र्यानंतर मराठी माणसाला किल्ले चढायची गोडी लावली ती गो. नी. दांडेकरांनी. 'दुर्गभ्रमणगाथा', 'दुर्गदर्शन' वाचून पिढ्या डोंगरात गेल्या. त्या पाठोपाठ कळसूबाईच्या पायथ्याची बारी, हरिश्चंद्रगडाखालचं पाचनई, राजमाचीवरची उधेवाडी ही नावं शहरी घरांत माहीत झाली. आधी देवळात किंवा शाळेच्या व्हरांड्यात पथारी, मग कुणाच्या तरी पडवीत, मग हळूहळू ठरलेल्या दराने जेवण आणि झोपायला जागा. हा बदल कुठल्या एका सालात बसवू नका. गावागावात तो वेगळ्या वेळी झाला. (शाळेच्या व्हरांड्यावरून आठवलं: जर्मनीत 1909 च्या ऑगस्टमध्ये रिचर्ड शिरमान नावाचे शिक्षक पोरांना घेऊन वादळात अडकले आणि खेड्यातल्या शाळेत गवतावर रात्र काढली. त्यातून यूथ हॉस्टेलची कल्पना निघाली. आपल्याकडची पोरं तेच करत होती, फक्त त्याची चळवळ झाली नाही.)

या काळासाठी तुमचं साधन म्हणजे ट्रेकची वर्णनं: दिवाळी अंक, क्लबांच्या स्मरणिका, आता फेसबुक. त्यात एक वाक्य तुम्हाला पुन्हा पुन्हा दिसेल. "गावात गरमागरम पिठलं-भाकरी मिळाली." क्रियापदाकडे बघा. मिळाली. करवंदं मिळतात तशी. रात्री नऊला बारा माणसं दारात आल्यावर पीठ कुणी काढलं, चूल पुन्हा कुणी पेटवली, त्या बाईचं जेवण झालं होतं का, हे सगळं त्या क्रियापदाने गिळलंय. तुम्ही अशी शंभर वर्णनं जमवून स्वयंपाक करणारीचं नाव किती ठिकाणी येतं एवढं जरी मोजलंत, तरी प्रस्तावाचं एक प्रकरण उभं राहील.

तिची बाजू कुठे शोधायची? जात्यावरच्या ओव्यांत. हेमा राईरकर आणि गी पॉइटवां यांनी महाराष्ट्रातल्या खेड्यापाड्यांतून एक लाखावर ओव्या गोळा केल्या. पारीच्या संकेतस्थळावर तो संग्रह आज कुणालाही ऐकता येतो. पाहुणा, भाऊ, सोयरा, दारात आलेला साधू यांच्यासाठी दळणाऱ्या बाया त्यात बोलतात. पाणचक्कीत पीठ पाण्याने दळलं आणि त्याची नोंद फारसी ग्रंथात राहिली. गावात पीठ बाईने दळलं आणि त्याची नोंद तिच्याच गळ्यात राहिली.

आणि आज? महाराष्ट्र शासनाने 2020 मध्ये कृषी पर्यटन धोरण मंजूर केलं, पर्यटन महामंडळाची निवास-न्याहारी योजना त्याआधीपासून आहे. ही कागदपत्रं उद्याची साधनं आहेत, म्हणून आत्ताच जपून ठेवा: अर्ज, दरपत्रकं, व्हॉट्सअॅपवर फिरणारी ट्रेकची पोस्टरं. पण वाचताना हे बघा की कृषी पर्यटन शेतजमिनीवर उभं राहतं, म्हणजे ज्याचं नाव सातबाऱ्यावर आहे त्याच्या जमिनीवर. येसकराच्या घरात, भूमिहीनाच्या घरात, डोंगरावरच्या ठाकर-महादेव कोळी वाडीत पाहुणा उतरतो का? पोस्टरवर 'स्थानिक संस्कृतीचा अनुभव' लिहिलेलं असतं. त्या संस्कृतीत गावाचा कुठला कोपरा धरलेला असतो?

मुलाखती घ्यायला जाल तेव्हा होमस्टेच्या मालकाशी बोलून परत येऊ नका. तो सवयीने चांगलं बोलतो, त्याला रोज बोलावंच लागतं. स्वयंपाकघरात बसायची परवानगी मागा. पहिल्यांदा पैसे घेतले तेव्हा घरात काय बोलणं झालं, ते विचारा. माझ्या अनुभवात सगळ्यात लांब उत्तर या प्रश्नाला येतं, कारण पाहुण्याकडून पैसे घ्यायचे की नाही यावर घरोघरी भांडणं झालेली असतात. फोनवर बुकिंग घेताना आडनाव विचारता का, हेही विचारा, पण ते दुसऱ्या-तिसऱ्या भेटीत. पैसे कुणाच्या खात्यात जमा होतात आणि भाकरी थापणारीच्या हातात त्यातले किती येतात, हा प्रश्न तिला एकटीला विचारा. उत्तर देताना ती हसली, गप्प बसली, किंवा दाराकडे बघितलं, तर तेही वहीत लिहून घ्या, तारखेसकट.

एक शेवटची कामाची गोष्ट, शोध घेताना शहराची नावं सगळी टाकत जा: खडकी, औरंगाबाद, छत्रपती संभाजीनगर. कॅटलॉग जुना असेल तर तुमचा कागद जुन्या नावाखालीच पडलेला असतो. अंतूरला जायचं असेल तर पावसाळा संपल्यावर जा, नागापूरच्या बाजूने, आणि तो खांब बघायला वेळ ठेवा.